काळाचा नळ : प्रकल्पाच्या नोंदी

१ जून २०२५, रविवार

वही आजपासून सुरू. गेल्या तीन बैठकांत एकाच मुद्द्यावर तीनदा भांडलो आणि तिन्ही वेळा निर्णय वेगळा लागला. यापुढे जे ठरेल ते इथे, तारखेसकट. नंतर कुणी ‘मी असं म्हणालोच नव्हतो’ म्हणालं की पान उघडून दाखवायचं.

प्रकल्प असा : आठ भागांची श्राव्यमालिका, विषय कालप्रवास. घडते पुण्यात, पण आपल्या नव्हे, शेजारच्या कुठल्यातरी विश्वातल्या पुण्यात. माणसं चार. दिग्दर्शक, आवाजाचं बघणारा, मुख्य भूमिका करणारी आणि मी. माझ्याकडे ‘विश्व’ आहे. म्हणजे यंत्र कसं चालतं, कुणाच्या ताब्यात आहे, काय केलेलं चालतं, काय नाही.

दिग्दर्शकाचा पहिला प्रश्न, “मशीन दिसतं कसं?” मी म्हटलं, अरे, कानाने ऐकायची मालिका आहे. तो म्हणाला, “तरीपण.”

आज एकच ठरलं. प्रत्येक भाग २४ मिनिटांचा, म्हणजे एक घटिका. दिवस-रात्र मिळून ६० घटिका, घटिकेची ६० पळं, पळाची ६० विपळं. हिशेब केला तर पळ २४ सेकंदांचं आणि विपळ ०.४ सेकंदाचं. ‘घटकाभर बस’ असं आपण रोज म्हणतो, पण घड्याळ लावून कुणी बसत नाही. आमच्या श्रोत्यांना बसावं लागेल.

४ जून

यंत्राचा पहिला आराखडा : खुर्ची, फिरणारी चक्रं, घुंईऽऽ असा आवाज. रद्द. शंभरदा ऐकलेलं आहे.

त्याहून मोठी अडचण पृथ्वीची. ती सूर्याभोवती सेकंदाला जवळपास ३० किलोमीटर सरकते. पुण्याहून सिंहगड साधारण तेवढाच लांब. म्हणजे सदाशिव पेठेतल्या खोलीत बसून मी एकच सेकंद मागे गेलो, तर खोली आणि माझ्यामध्ये सिंहगडाएवढं अंतर पडणार. एक घटका मागे गेलो तर ४३ हजार किलोमीटर, आणि तिथे श्वास घ्यायला हवा नाही. शिवाय सूर्य स्वतःही आकाशगंगेत फिरतोय, तो हिशेब वेगळाच.

यंत्र कशाला तरी बांधलेलं हवं. कशाला, ते माहीत नाही.

८ जून, रविवार

महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या मित्राला गाठलं. चहा दोनदा झाला, पैसे मीच दिले.

माझी सिंहगडाची शंका त्याने अर्धीच मान्य केली. पृथ्वी सरकते, पण कशाच्या संदर्भात? विश्वात ‘स्थिर जागा’ म्हणून कुठे खुंटी ठोकलेली नाही. तेव्हा यंत्र पृथ्वीला बांधलेलं आहे असं तुम्ही ठरवलंत तर भौतिकशास्त्र हरकत घेणार नाही. फक्त ते कसं बांधलं ते दाखवा, म्हणाला.

पुढच्या काळात जाणं नियमात बसतं, थोड्या प्रमाणात रोज घडतं. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं वेगामुळे दिवसाला सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात आणि वर गुरुत्वाकर्षण कमी म्हणून सुमारे ४५ पुढे जातात. बेरीज-वजाबाकी करून ३८ पुढे. ही दुरुस्ती केली नाही तर फोनवरचा नकाशा दिवसभरात दहाएक किलोमीटर भरकटेल. म्हणजे रिक्षावाल्याला पत्ता दाखवताना आपण आइन्स्टाइनच्या भरवशावर असतो.

मागे जाणं अवघड. गणिती गोडेलने १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून एक फिरणारं विश्व काढून दाखवलं, ज्यात चालत चालत आपल्याच भूतकाळात पोचता येतं. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही. मग १९८८ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी कृमिविवराचा मार्ग मांडला. अवकाशातल्या भुयाराचं एक तोंड प्रचंड वेगाने फिरवून आणायचं, की दोन तोंडांच्या वेळांत फरक पडतो. एकीकडून शिरलं की दुसरीकडे ‘काल’ निघतो. पण एक अट आहे, ती वहीत दोनदा अधोरेखित केली : भुयार तयार होण्याआधीच्या काळात त्यातून जाता येत नाही.

आणि तिसरं, रशियन भौतिकशास्त्रज्ञ नोविकोव्हचं म्हणणं. मागे जाऊन तुम्ही जे कराल ते इतिहासात आधीच धरलेलं असतं. बदल होत नाही. तुम्ही गेलात, म्हणूनच जसं घडलं तसं घडलं.

बोलता बोलता नारळीकरांवर आलो. २० मेला ते गेले, त्यामुळे विषय निघाल्याशिवाय राहिला नसता. मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी पहिली विज्ञानकथा पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावाने. ज. वि. ना. ही स्वतःची आद्याक्षरं उलटी करून. बक्षीस मिळालं तेव्हा खरं नाव कळलं. पानिपताचा निकाल फिरवून बघायची वाटही ते चालून गेलेले आहेत, तेव्हा आपण तिकडे फिरकायचं नाही. हा निर्णय क्रमांक दोन.

११ जून

पहाटे पाचला पाणी येतं म्हणून उठलो. आलं नाही. सहाला आलं, तेही करंगळीएवढं. पिंपापाशी उभा राहून बारीक धार बघताना डोक्यात आलं. लगेच लिहून ठेवतोय.

कात्रजचा नळ.

नानासाहेब पेशव्यांच्या काळात, १७५० च्या सुमारास, कात्रजला तलाव बांधून तिथून शनिवारवाड्यापर्यंत आणि पेठांतल्या हौदांपर्यंत पाणी आणलं. जमिनीखालून दगडी, चुन्यातलं बांधकाम. काही ठिकाणी माणूस आतून चालत जाईल एवढं मोठं. पंप नाही, काही नाही, निव्वळ उतारावर पाणी येत राहिलं. काळा हौद, साततोटी हौद ही नावं अजून पत्त्यांत आहेत. आणि मध्ये मध्ये नळाला वर उघडणारी तोंडं ठेवलेली. त्यांना ‘उच्छ्वास’ म्हणतात. दगडी कामाला इतका सुंदर शब्द कुणी दिला असेल?

आमच्या विश्वातल्या पुण्यात या नळातून काळ वाहतो. वरच्या अंगाला जुना, खालच्या अंगाला आजचा. वर चालत गेलं की मागच्या काळात, बाहेर पडायचं ते फक्त उच्छ्वासातून. भुयार जमिनीत बांधलेलं आहे, त्यामुळे पृथ्वी कुठेही सरकली तरी नळ तिच्याबरोबर. मित्राची अट आपोआप पाळली जाते : नळ बांधण्याआधीच्या काळात नळ नेत नाही. १७५० हे वरचं टोक. ‘शिवाजी महाराजांना भेटायला जाऊ’ ही मागणी येणार हे नक्की होतं. तिला आता नियमानेच उत्तर मिळालं.

रात्री नकाशा घेऊन बसलो. कात्रज ते शनिवारवाडा नऊएक किलोमीटर धरले, वर्षं २७५. म्हणजे वर्षाला साधारण ३३ मीटर. शनिवारवाड्यापाशी आज आहे, मंडईच्या आसपास १९९५, स्वारगेट यायच्या थोडं अलीकडे १९६१. कात्रजला पेशवाई.

अजून झोप येत नाहीये.

१५ जून, रविवार

आमच्या गल्लीत एक निवृत्त चावीवाले काका राहतात. आयुष्यभर शहराचे व्हॉल्व्ह उघडले-बंद केले. माणूसभर उंचीची लोखंडी चावी, रस्त्यातल्या झाकणातून आत घालायची आणि आटे फिरवायचे. कुठल्या व्हॉल्व्हला किती आटे, हे कागदावर नसतं. हाताला माहीत असतं.

त्यांना विचारलं, पाणी सगळ्यांना सारखं का मिळत नाही? ते म्हणाले, “असं बघा, नळ सुरू केला की टोकाच्या घराला पाणी पोचायलाच पाऊण तास लागतो. वरचे लोक पाळी ठरवतात एक तासाची. मग टोकाला राहिली किती? पंधरा मिनिटं. त्यात मधल्यांनी मोटर लावली की झालंच.”

घरी येऊन त्या एका वाक्यावर चार पानं लिहिली.

आमच्या विश्वात काळपुरवठा खातं आहे. काळ पाळीने सुटतो. मोठी सोडणूक असेल तर तिला ‘आवर्तन’ म्हणतात, कालव्यावर म्हणतात तसंच. उच्छ्वासाची झाकणं उघडणारे ते चावीवाले. (आमची नायिका चावीवाली आहे. तिला नाव देणार नाही, सगळे तिला हुद्द्यानेच हाक मारतात.) आणि मुख्य गोष्ट : कुणी वर गेलं की जितका वेळ तो तिथे थांबेल तितका काळ नळातून उपसला जातो, आणि खालच्या टोकाला तितका कमी पोचतो. मधल्या पेठांना कळतही नाही. शहराच्या शेवटच्या हद्दीत, नव्याने आत घेतलेल्या गावांत, माणसं दुपारी बारा वाजता भाजी चिरायला बसतात आणि एकदम दोन वाजलेले असतात. तिथे काळाचा टँकर जातो, आठवड्यातून दोनदा. पैसेवाले थेट नळाला मोटर लावतात. त्यांचे रविवार लांबच लांब असतात.

दिग्दर्शकाला फोनवर वाचून दाखवलं. बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, “मशीन कसं दिसतं ते आता विचारत नाही.”

२० जून

पालख्या शहरात आल्या. रस्ते बंद, काम बंद. बरं झालं.

२४ जून

तांबट आळीत गेलो होतो, कसब्यात. प्रवासाला वेळ मोजायचं साधन हवं होतं. मनगटी घड्याळ नळात चालत नाही असं आम्ही ठरवलंय, सोयीसाठी. मग उरलं घटिकापात्र. तळाला भोक असलेलं तांब्याचं भांडं पाण्यावर सोडायचं, ते भरून बुडालं की एक घटका. लग्नाचे मुहूर्त पूर्वी याच्यावरच धरत. आवाजवाल्याला त्या बुडण्याचा आवाज पाहिजे, आणि तो म्हणतो, खरा पाहिजे.

कारागीर काकांनी लिटरभर मापाचं, मठारलेलं गोल भांडं काढून दिलं. भोक ३ मिलिमीटरचं पाडलं. घंगाळात सोडलं, सहा मिनिटांत बुडालं. ते हसले, “तुमची घटका फार घाईची.” मी हिशेब मांडला. भोकाचा व्यास निम्मा केला की क्षेत्रफळ पाव होतं, पाणी चारपट सावकाश शिरतं, सहा चोक चोवीस. काकांनी जुनं भोक डाग देऊन बुजवलं, शेजारी १.५ मिलिमीटरचं पाडलं. एकवीस मिनिटं. हिशेब कागदावर बरोबर होता, पण ड्रिलची सुई थोडी हलली असणार. घरी दोनदा लावलं तर एकदा साडेतेवीस, एकदा सव्वीस. नळाच्या पाण्यातला गाळ भोकात अडकतो.

लीलावतीची गोष्ट आठवलीच. भास्कराचार्यांच्या मुलीच्या लग्नात घटिकापात्राच्या भोकात मोती अडकला, पात्र बुडालंच नाही, मुहूर्त टळला. गंमत म्हणजे ही गोष्ट भास्कराचार्यांच्या ११५० च्या ग्रंथात नाही. १५८७ मध्ये अकबराच्या दरबारातल्या फैजीने ‘लीलावती’ फारसीत नेली, त्याच्या प्रस्तावनेत ती येते. म्हणजे चारशेहून जास्त वर्षांनी. पण आपल्या सगळ्यांना लहानपणापासून ती खरी म्हणूनच ठाऊक. मागून येऊन भूतकाळात जाऊन बसलेली गोष्ट, याला कालप्रवास नाही तर काय म्हणायचं?

आमच्या चावीवाल्यांच्या बोलीत आता ‘मोती अडकला’ म्हणजे वर गेलेला माणूस वेळेत परत आला नाही.

२८ जून, शनिवार

याच तारखेला २००९ मध्ये स्टीफन हॉकिंगने कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली होती. आमंत्रणं मुद्दाम मेजवानी झाल्यावर पाठवली, म्हणजे भविष्यातून येणाऱ्यांनाच कळावं. कुणी आलं नाही. आम्ही चौघांनी त्या मानाने बटाटेवडे आणले आणि पाचवी बशी रिकामी ठेवली. आवाजवाला म्हणाला, शनिवारी दुपारी दोन वाजता पुण्यात भविष्यातलाच काय, शेजारचा माणूसही येणार नाही. पाचव्या बशीतला वडा त्यानेच खाल्ला.

यातून एक प्रसंग निघाला. काळपुरवठा खात्याची खिडकी १ ते ४ बंद. पण कुठल्या घड्याळाप्रमाणे? भारतीय प्रमाणवेळ १९०६ पासूनची, साडेब्याऐंशी अंश रेखांशाची. पुणे आहे ७३.८५ अंशावर, म्हणजे इथला सूर्य घड्याळापेक्षा जवळपास ३५ मिनिटं मागे चालतो. मुंबईने तर आपली वेगळी वेळ १९५५ पर्यंत सोडली नव्हती. खात्यातला जुना कारकून प्रमाणवेळ मानत नाही. तो १ वाजून ३५ मिनिटांनी खिडकी लावतो आणि ४ वाजून ३५ मिनिटांनी उघडतो. जाताना मात्र बरोब्बर पाचला जातो, प्रमाणवेळेनुसार.

३ जुलै

ज्याची भीती होती ते भांडण आज झालं.

दिग्दर्शकाला नारायणराव पेशवे वाचवायचेत. ३० ऑगस्ट १७७३, शनिवारवाडा, ‘काका, मला वाचवा’. ‘धरावे’चं ‘मारावे’ झालं ती ‘ध चा मा’ची आख्यायिका. त्याचं म्हणणं, पुण्यात कालप्रवास आहे आणि कुणी तिथे जात नाही, हे श्रोत्यांना पटेल का? नायिका जाते आणि ‘मा’ पुसून ‘ध’ करते. टाळ्या.

मी नकाशा काढला. १७७३ आठ किलोमीटरच्याही वर येतं, कात्रजच्या जवळ. नळाची गंमत अशी की शनिवारवाड्यापाशी आज आहे, आणि पेशवाईत जायचं तर वाड्यापासून लांब जावं लागतं. वर चालत जायला चार घटका. बाहेर पडलात की उलटं वाड्यापर्यंत तेवढंच अंतर, चौक्या-पहारे चुकवत. “घोडा,” तो म्हणाला. मी म्हटलं, घोडा उच्छ्वासातून कसा काढणार? “तिथे विकत घेईल.” कुठल्या पैशांनी? यावर अर्धा तास गेला.

मग मुख्य भूमिकावाली म्हणाली, “पण समजा ती पोचली आणि चिठ्ठी हातात पडली. तिने घाईत ‘ध’ खोडून बघितला आणि तिच्याच हातून ‘मा’ झाला तर?” नोविकोव्ह तिला कुणी सांगितला नव्हता. सगळे गप्प. कल्पना चांगली आहे, पण मला नको. आपल्या विश्वात बडी माणसं वाचवायला जाणारे इतके झालेत की खात्याने १७७३ च्या उच्छ्वासावर काँक्रीट ओतलंय, असं ठरलं. चौथ्या भागात एका वाक्यात येईल.

दिग्दर्शक नाराज. “मग ती जाणार कुठे? नुसती झाकणं उघडत बसणार?” याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं.

१२ जुलै, शनिवार

पानशेतच्या पुराला आज ६४ वर्षं. ६४ गुणिले ३३ म्हणजे २११२ मीटर, माणसाच्या चालीने जेमतेम एक घटका. हे मी जुळवलेलं नाही, आपोआप जुळलं.

आत्याकडे गेलो. १९६१ मध्ये ती नऊ वर्षांची होती. शनिवार पेठेत नदीजवळच्या वाड्यात दोन खोल्या, भाड्याच्या. सकाळी पानशेत फुटलं, मागोमाग खडकवासला. रात्रभर जवानांनी धरणावर वाळूची पोती रचली, म्हणून फुटायला दिवस उजाडला, नाहीतर लोक झोपेत गेले असते. हे ती दरवर्षी सांगते, यंदाही सांगितलं. लकडी पूल पाण्याखाली गेला. ही मंडळी अंगावरच्या कपड्यांनिशी पर्वतीकडे पळाली. परत आले तेव्हा वाडा म्हणजे मातीचा ढीग. चिखल गुडघाभर, आणि प्यायला पाणी नाही, कारण खडकवासलाच रिकामं झालेलं. मग विहिरी उपसल्या.

मी विचारलं, “आत्या, मागे जाता आलं असतं तर काय केलं असतंस?” मला वाटलं, लोकांना सावध केलं असतं म्हणेल.

ती म्हणाली, “भाड्याच्या पावत्या आणल्या असत्या.”

“पावत्या?”

“अरे, तारेला ओवलेल्या असायच्या, खुंटीवर. पुरानंतर मालक म्हणाला, तुम्ही माझे भाडेकरू होतात याला पुरावा काय? दुसऱ्या बिऱ्हाडांकडे पावत्या होत्या, त्यांना नव्या बांधकामात जागा मिळाली. आम्ही निसेन हटमध्ये गेलो, त्या अर्धगोल पत्र्याच्या तात्पुरत्या घरांत. मग तिथून पुढे, मग त्याच्याही पुढे. लग्न होईपर्यंत मी गावाच्या टोकालाच राहिले.”

टोकाला. हा शब्द तिने तिचा तिने वापरला.

दिग्दर्शकाला रात्री सांगितलं. त्याला वाटलं मी थट्टा करतोय. हजारो घरं वाहून जाताहेत आणि आपली नायिका पावत्या आणायला जाते? मी म्हटलं, हो. आणि त्यासाठी खालच्या टोकाच्या कुणाचे तरी दोन तास जातात. घटकाभर चढण, घटकाभर भाड्याची सायकल शोधून वाड्यापर्यंत, घटकाभर तिथे, मग परतीच्या दोन. एकूण पाच घटका, १२० मिनिटं.

तो “विचार करतो” म्हणाला. म्हणजे हो.

२० जुलै, रविवार

भाग सहा आणि सात लिहून झाले, पण तर्कात एक भोक राहिलं. इतिहास बदलत नाही असा आमचाच नियम. मग नायिकेने पावत्या आणल्या तर आत्याच्या घरच्यांना त्या मिळाल्या असत्या, आणि ते टोकाला गेलेच नसते. बदल झाला. नियम मोडला. चार दिवस यात अडकलोय. मोती.

संध्याकाळी तपशिलासाठी आत्याला फोन केला. खुंटी कुठल्या भिंतीला होती, एवढंच विचारायचं होतं.

“दाराच्या मागे. पण पावत्या पुरात गेल्या असं मी कुठे म्हटलं? त्या तर आदल्या दिवशी संध्याकाळपासूनच सापडत नव्हत्या. दादा भाडं द्यायला निघाले, तर तारच जागेवर नाही. सगळी ट्रंक उपसली. पाऊस पडत होता, मी दिवसभर कागदाच्या होड्या सोडत होते, मग काय! माझ्या पाठीत रपाटा बसला. मी रडून सांगत होते की मी नाही घेतल्या.”

मी फोन ठेवला आणि बराच वेळ तसाच बसलो.

ती खरंच सांगत होती. तिने नाही घेतल्या. ११ जुलैच्या संध्याकाळी आमची चावीवाली दाराआड हात घालून तार काढून घेते, आणि नऊ वर्षांच्या मुलीला मार बसतो. पुरात काहीच हरवलं नाही. नियम मोडत नाही. भोक बुजलं.

सातवा भाग पहिल्यापासून लिहायचा. आत्याची परवानगी घेतली. “रपाटा ठेव,” म्हणाली, “पण दादा वाईट नव्हते, तेही ठेव.”

२ ऑगस्ट, शनिवार

रेकॉर्डिंग आत्याच्याच घरी, कारण तिला जिने झेपत नाहीत. पंखा बंद, फ्रीज बंद, खिडक्यांना गोधड्या. खालच्या टोकाच्या बाईची भूमिका तिलाच दिली. बाई कुकर लावते, दोन शिट्ट्या होतात, तिसरी ऐकूच येत नाही. एकदम करपल्याचा वास, आणि बाहेर उन्हं कललेली. तिला वाक्य एकच आहे : “आज परत गेली वाटतं दुपार.” आत्याने ते असं म्हटलं की जणू दूधवाला आला नाही. दुसरा टेक घ्यायची कुणाची हिंमत झाली नाही.

घटिकापात्र आज २३ मिनिटं ४० सेकंदांत बुडालं, पाणी गाळून घेतलं म्हणून. शेवटचा डुबुक असा आवाज अगदी जवळ माइक धरून घेतला. आवाजवाला खूश आहे, मग बाकी सगळं चालतं.

जेवताना मुख्य भूमिकावालीच्या लक्षात आलं. लहान मुलीच्या जागी नऊ वर्षांची भाची बोलली, टोकाच्या बाईच्या जागी आत्या. पण गोष्टीत त्या दोघी एकच आहेत. पावत्या गेल्या म्हणून मुलगी टोकाला गेली, आणि ज्या दोन तासांच्या बदल्यात पावत्या आणल्या ते तास टोकाच्या त्याच बाईचे. मी हे लिहिलं होतं का? बहुधा लिहिलं होतं, पण मला दिसलं नव्हतं.

दिग्दर्शकाने आठवा भाग लगेच वाचून दाखवला. नायिका पावत्या घेऊन नळातून खाली येते, शनिवारवाड्यापाशी बाहेर पडते, पहाट होते, संगीत. आत्या ताक पीत ऐकत होती. शेवटी म्हणाली, “बरं आहे. पण मग त्या पावत्या आत्ता कुणाकडे आहेत?”

कुणी काही बोललं नाही. खात्यात जमा झाल्या? नायिकेच्या खिशात? टोकाच्या बाईपर्यंत तिने पोचवल्या, तर त्यांचा आता उपयोग काय? आणि नाही पोचवल्या, तर गेली कशाला होती?

आठवा भाग परत घेतला. पुन्हा लिहायचा. रेकॉर्डिंग १७ ऑगस्टला पहाटे, आत्याकडेच, पाणी यायच्या आत.